आपल्या रानातून सागरापर्यंत : म्हादई नदीची ओळख



गेल्या डिसेंबरात आपल्या धर्मग्रामातील मंडळींना घेऊन आम्ही जुन्या गोव्याच्या फेस्ताला गेलो होतो. मिस्सा आटोपल्यावर सगळे जण नदीकाठी, दिवाडीला जाणाऱ्या फेरीबोटीच्या धक्क्यावर जाऊन बसले. आपल्याकडच्या एका शाळकरी मुलाने वाकून ओंजळभर पाणी तोंडात घेतले आणि लगेच थुंकून टाकले. "फादर, ही नदी खारट आहे!" तो म्हणाला. मग त्याने विचारले, "हे पाणी येते कुठून?"

आम्ही त्याला सांगितले, "आपल्याच तालुक्यातून." त्याचा विश्वास बसला नाही. खरे सांगायचे तर त्याच्याबरोबरच्या मोठ्या माणसांचाही बसला नाही. खानापूर तालुक्याच्या रानात उगम पावणारी म्हादई आणि पणजीजवळ समुद्राला मिळणारी मांडवी ही एकच नदी आहे, हे आपल्यापैकी पुष्कळांना ठाऊक नसते. ज्या नदीचे नाव गेली अनेक वर्षे वर्तमानपत्रांत, मोर्चांत आणि न्यायालयांत गाजते आहे, ती आपल्याच घरची लेक आहे. तेव्हा तिची नीट ओळख करून घ्यावी, तिच्याशी आपल्या शेतीचा व प्रकृतीचा काय संबंध आहे ते पाहावे, म्हणून हा लेख.

एका छपराच्या दोन बाजू

कौलारू घराच्या छपराकडे पाहा. आढ्यावर पाऊस पडला की काही थेंब पुढच्या अंगणात येतात, काही मागच्या परसात जातात. आढ्यावर बोटभर इकडे की तिकडे, एवढ्यावरून थेंबाची वाट ठरते. सह्याद्रीची रांग हे असेच एक मोठे आढे आहे. जी जमीन आपले पाणी एका नदीला देते, तिला त्या नदीचे पाणलोट क्षेत्र म्हणतात.

आपल्या खानापूर तालुक्यात हे आढे अगदी स्पष्ट दिसते. जांबोटीवरून चोर्ला घाटाकडे जाताना कणकुंबी लागते. हे गाव समुद्रसपाटीपासून सुमारे ८०० मीटर उंच आहे. येथे माउलीच्या देवळाजवळ मलप्रभा नदी उगम पावते. ती पूर्वेकडे वळते, सौंदत्तीजवळ नविलुतीर्थच्या धरणात अडते, पुढे बागलकोट जिल्ह्यात कुडलसंगम येथे कृष्णेला मिळते आणि कृष्णेबरोबर सारा दक्षिण देश ओलांडून बंगालच्या उपसागरात जाते. त्याच कणकुंबीच्या परिसरात कळसा नावाचा नाला आहे. तो मात्र पश्चिमेकडे उतरून म्हादईच्या खोऱ्यात जातो व त्याचे पाणी अरबी समुद्राला मिळते. एकाच गावचा पाऊस, पण अर्धा पूर्वेच्या समुद्राला, अर्धा पश्चिमेच्या.

पाऊस तरी किती? कणकुंबीला चांगल्या वर्षी ५,००० मि.मी.च्या वर पाऊस पडतो. बेळगाव शहरात येईतो तो सव्वा हजाराच्या आसपास उरतो आणि सौंदत्तीकडे ६०० मि.मी.च्या घरात येतो. समुद्रावरून येणारे ढग घाटाला अडतात, उंच चढताना थंड होतात आणि तेथेच रिकामे होतात. पुढच्या मुलखाला उरलेसुरले मिळते. हे ध्यानात ठेवले म्हणजे पुढे येणारे पाण्याचे भांडण नीट समजते.

उगमाचे रान

म्हादईचा मुख्य उगम तालुक्याच्या दक्षिणेकडील दाट रानात, देगावजवळ आहे. एकच मोठा झरा फुटून नदी निघाली असे तेथे दिसत नाही. भीमगडाच्या परिसरात लहान लहान पुष्कळ झरे आहेत. ते एकत्र येऊन ओढा होतो, ओढे मिळून नदी होते. हे रान २०११ साली भीमगड अभयारण्य म्हणून जाहीर झाले. तेथील बारापेडे गुहांत वटवाघळाची एक अत्यंत दुर्मीळ जात राहते.

पावसाळा संपून तीन-चार महिने झाले तरी हे झरे वाहतात कसे? याचे उत्तर जमिनीत आहे. डोंगरमाथ्यावर जांभा दगड असतो. विहीर खणताना आपण पाहतो की जांभा स्पंजासारखा सच्छिद्र असतो. त्यावर झाडी असली, पालापाचोळ्याचा थर असला, म्हणजे पाऊस धावत न सुटता हळूहळू आत मुरतो. पुढे तेच पाणी उतारावर झऱ्याच्या रूपाने बाहेर येते. झाडी गेली, पाला जळाला, माती उघडी पडली की तोच पाऊस मातीसकट धावत खाली जातो. जून-जुलैत पूर येतो आणि मार्चमध्ये झरा आटतो. पुष्कळ लोक म्हणतात, "पूर्वीसारखा पाऊस पडत नाही." पाऊस कधी कमी, कधी जास्त होतोच. परंतु पडलेला पाऊस धरून ठेवण्याची आपल्या डोंगराची ताकद कमी झाली आहे काय, हेही एकदा आपल्या शिवारात फिरून पाहावे.

घाट उतरताना

घाटमाथ्यावरून नदी थोड्या अंतरात शेकडो मीटर खाली येते. वाटेत तिने व तिच्या नाल्यांनी दगड कापून खोल दऱ्या केल्या आहेत आणि धबधबे घातले आहेत. गोव्याच्या सत्तरी तालुक्यात ती शिरते तेव्हा तिचा रागरंग बदलतो. उस्ते, सोनाळ अशा गावांवरून ती वाळपईच्या बाजूने वाहते. दोन्ही काठांना पोफळीची कुळागरे, काजूच्या बागा आणि भाताची शेते लागतात. सत्तरीतील म्हादई अभयारण्य १९९९ साली झाले. तेव्हा घाटाच्या वर आणि खाली अशा दोन्ही बाजूंनी नदीला रानाचे पांघरूण आहे.

वाटेत तिला अनेक उपनद्या मिळतात. त्यांत खांडेपार मोठी. लोंढ्याहून गोव्याला आगगाडीने गेलेल्यांना दूधसागर धबधबा ठाऊक आहे. सुमारे ३१० मीटर उंचीवरून पडणारे ते पाणी खांडेपारमार्गे म्हादईतच येते. खांडेपारवर ओपा येथे पाणी शुद्ध करण्याचे केंद्र आहे. फोंडा आणि तिसवाडी या तालुक्यांना, म्हणजे पणजी शहरालासुद्धा, तेथून पिण्याचे पाणी जाते. उत्तरेकडून साखळीवरून येणारी वाळवंटी, डिचोलीची नदी आणि म्हापशाची नदी याही तिलाच मिळतात.

या साऱ्या खोऱ्याचे क्षेत्र २,०३२ चौरस किलोमीटर आहे. त्यातील १,५८० गोव्यात, ३७५ कर्नाटकात आणि ७७ महाराष्ट्रात आहे. गोव्यासारख्या लहान राज्याला ही नदी केवढी मोठी आहे, हे यावरून कळेल.

गोड पाणी, खारे पाणी

समुद्राच्या मुखापासून सुमारे ५० किलोमीटर आत गांजे गावापर्यंत भरती-ओहोटीचा परिणाम जाणवतो. दिवसातून दोनदा समुद्र नदीत शिरतो आणि दोनदा मागे हटतो. पावसाळ्यात वरून गोड्या पाण्याचा लोंढा येतो, तेव्हा खारे पाणी मुखाकडे रेटले जाते. पाऊस संपला, वरचा प्रवाह रोडावला, की खारे पाणी पुन्हा आत सरकू लागते. म्हणून डिसेंबरात आपल्या मुलाने घेतलेली ओंजळ खारट निघाली. तीच ओंजळ त्याने जुलैत घेतली असती तर गढूळ, पण पुष्कळ गोडी लागली असती.

गोड्या आणि खाऱ्या पाण्याची ही रस्सीखेच गोव्याच्या शेतकऱ्याने फार जुन्या काळापासून ओळखली आहे. नदीकाठच्या सखल जमिनींना तेथे खाजन म्हणतात. चिखल, पेंढा, जांभा दगड यांचे बांध घालून त्याने ही जमीन नदीपासून राखली. बांधात एक लाकडी दरवाजा बसवला, त्याला मानस म्हणतात. भरती आली म्हणजे नदीचे पाणी दाराला बाहेरून दाबते व दार आपोआप बंद होते. ओहोटी लागली म्हणजे आतले पाणी दार ढकलून बाहेर जाते. ना यंत्र, ना वीज! पहिल्या पावसात शेतातले मीठ धुऊन घ्यायचे, ते पाणी मानसातून सोडून द्यायचे आणि मग कोरगुटसारखे खारेपण सोसणारे भात पेरायचे, अशी ही रीत आहे. पीक निघाल्यावर काही ठिकाणी तेच पाणी आत घेऊन मासे धरतात, काही ठिकाणी मिठागरे करतात.

या व्यवस्थेतून आपण एक धडा घ्यावा. खाजनाचा बांध एका माणसाला राखता येत नाही. एकाच्या वाट्याचा बांध फुटला तर साऱ्यांच्या शेतात खारे पाणी भरते आणि ते मीठ धुऊन निघायला निदान एक पावसाळा जातो. म्हणून तेथे गावकरी, म्हणजे कोमुनिदाद, आणि शेतकऱ्यांचे मंडळ मिळून बांधाची देखरेख करीत. जेथे ही एकी मोडली तेथे बांध फुटले, खाजने पडीक पडली. आपल्याकडे बांधावरून भाऊ भावाशी भांडतो. बांध सर्वांचा मिळून राखणारी माणसे नदीच्या खालच्या टोकाला होती, हे आपल्याला माहीत असावे.

याच पट्ट्यात दिवाडी आणि चोडण ही बेटे आहेत. चोडणच्या टोकाला खारफुटीच्या झाडीत सलीम अली पक्षी अभयारण्य आहे. कुंभारजुव्याचा कालवा मांडवीला झुवारी नदीशी जोडतो. त्यात मगरी आहेत, तेव्हा फिरायला गेलेल्या तरुणांनी तेथे पोहण्याचे धाडस करू नये.

एका शहराची गोष्ट

आपण ज्या जुन्या गोव्याला जातो तेथे आज मोठमोठी चर्चे आहेत, पण शहर नाही. एके काळी ते पूर्वेकडील फार मोठे शहर होते. मग ते गेले कुठे? लढाईने ते उजाड झाले नाही. हिवताप, पटकी यांसारख्या साथींनी त्याचा बळी घेतला. १५४३ साली तेथे पटकीची मोठी साथ आल्याची नोंद एका पोर्तुगीज इतिहासकाराने केली आहे. त्याने रोगाचे जे स्थानिक नाव ऐकून लिहिले, ते आपला मोडशी हा शब्द होय. दाट वस्ती, सच्छिद्र जमीन, आणि घरांतील घाण मुरून विहिरींत उतरणारी. लोक मरत गेले, उरलेले निघून गेले. अखेरीस १८४३ साली पणजी ही अधिकृत राजधानी झाली. भरलेली नदी दाराशी असूनही विहिरीच्या पाण्याने शहर बुडाले, असे म्हटले तर चूक होणार नाही.

हे सांगण्याचे कारण असे की, आपल्याकडेही जमीन जांभ्याची, म्हणजे सच्छिद्रच आहे. संडासाचा खड्डा आणि पिण्याची विहीर जवळजवळ असतील तर वरून स्वच्छ दिसणारे पाणी आतून दूषित असू शकते. खड्डा विहिरीपासून शक्य तितका दूर आणि उताराच्या खालच्या बाजूला असावा. विहिरीला कठडा असावा, जनावरे धुण्याची जागा वेगळी असावी. पावसाळ्यात पिण्याचे पाणी चांगले उकळून प्यावे. कोणाला जुलाब सुरू झाले तर एक लिटर उकळून गार केलेल्या पाण्यात सहा सपाट चमचे साखर आणि अर्धा सपाट चमचा मीठ विरघळवून थोडे थोडे पाजत राहावे. चमचा चहाचा घ्यावा. मूल पाणी टिकवीत नसेल, सुस्त झाले असेल, तर वेळ न घालवता दवाखान्यात न्यावे.

आमची एक चूक

आता जी गोष्ट सांगणार आहोत, ती सांगायला आम्हाला संकोच वाटतो. पण ती सांगणे आमचे कर्तव्य आहे.

आपल्याकडची कितीतरी कुटुंबे जानेवारीपासून मेपर्यंत काजूच्या हंगामात सत्तरीला कामाला जातात. काही वर्षांपूर्वी मार्चमध्ये असाच एक तरुण तापाने फणफणून परत आला. डोके फुटेल असे दुखत होते, अंग ठणकत होते. घरची माणसे आमच्याकडे सल्ल्याला आली. आम्ही म्हणालो, "ऊन लागले असेल. ताक द्या, निजू द्या, दोन दिवसांत उतरेल." पाचव्या दिवशी त्याच्या हिरड्यांतून रक्त येऊ लागले. तेव्हा कुठे आम्ही जीप काढून त्याला मोठ्या इस्पितळात नेले. रक्त तपासल्यावर कळले की त्याला माकडताप झाला होता. देवाच्या दयेने तो वाचला. पण पुरता बरा व्हायला त्याला पुष्कळ आठवडे लागले आणि हंगामाची सारी मजुरी बुडाली. रानातून आला आहे का, अंगाला गोचीड लागली होती का, एवढे दोन प्रश्न आम्ही पहिल्याच दिवशी विचारले असते तर चार दिवस वाचले असते.

माकडताप प्रथम १९५७ साली शिमोगा जिल्ह्यातील क्यासनूरच्या रानात ओळखला गेला. २०१५ साली सत्तरीत काजूच्या बागांत कामाला गेलेल्या आपल्या बेळगाव भागातील मजुरांना तो झाल्याचे तपासणीत दिसून आले. पुढच्याच वर्षी तो सत्तरीत आणि शेजारच्या दोडामार्ग तालुक्यातही पसरला. हा रोग विषाणूमुळे होतो. विषाणू असलेली लहान गोचीड चावली की तो माणसाच्या अंगात शिरतो. रानातली माकडे या रोगाने मरतात आणि मेलेल्या माकडाच्या अंगावरून गोचिडी आसपास पसरतात. एका माणसाकडून दुसऱ्याला तो लागत नाही, म्हणून आजाऱ्याला वाळीत टाकण्याचे कारण नाही. रोग झालेल्या शंभरांत तीन ते पाच माणसे दगावतात. नेमके औषध नाही, पण वेळेवर इस्पितळात नेल्यास बहुतेक जण वाचतात.

हंगामाला जाणाऱ्यांनी एवढे पाळावे :

१. पूर्ण बाह्यांचा सदरा व लांब विजार घालावी. विजारीची टोके मोज्यांत खोचावी. स्त्रियांनीही पाय झाकले जातील असे कपडे वापरावेत.

२. आरोग्य खात्याकडून मिळणारे गोचीडरोधक तेल कामाला निघण्यापूर्वी हातापायांना लावावे.

३. रानात पाल्यावर बसू नये, निजू नये. पाला वा लाकूड आणून झोपडीजवळ साठवू नये.

४. घरी येताच कपडे गरम पाण्यात टाकावे, साबणाने अंघोळ करावी, आणि मुलांचे अंग कानामागे, काखेत, कमरेजवळ नीट तपासावे.

५. मेलेले माकड दिसल्यास हात लावू नये. ताबडतोब वनखात्याला किंवा आरोग्य केंद्राला कळवावे.

६. परत आल्यावर आठ-दहा दिवसांत ताप आला तर घरगुती उपाय करीत बसू नये. डॉक्टरांना "आम्ही सत्तरीच्या रानात कामाला होतो" हे आधी सांगावे. ताप एकदा उतरून एक-दोन आठवड्यांनी पुन्हा येऊ शकतो, तेव्हा गाफील राहू नये.

जूनमध्ये लावणी सुरू झाली की दुसरा धोका असतो. उंदरांच्या व जनावरांच्या मुताने दूषित झालेल्या चिखलातून लेप्टोस्पायरोसिस होतो. पायाला जखम असेल तर ती झाकल्याशिवाय खाचरात उतरू नये. ताप, पोटऱ्यांत तीव्र वेदना, डोळे लाल होणे ही त्याची लक्षणे. याचे औषध आहे, फक्त लवकर जावे लागते.

खनिज आणि गाळ

गोव्यात अनेक दशके लोहखनिजाच्या खाणी चालल्या आणि मांडवीतून खनिजाने भरलेले बार्ज मुरगावकडे जात राहिले. त्या धंद्यावर हजारो घरे चालली हे खरे. पण डिचोली-सत्तरीतल्या कितीतरी शेतांत खाणीची माती पावसाबरोबर येऊन बसली, झरे आटले, नाले गाळाने भरले, हेही खरे. २०१२ साली खाणी थांबल्या, पुढे काही सुरू झाल्या, २०१८ साली सर्वोच्च न्यायालयाने ८८ पट्टे रद्द केले. नंतर नव्याने लिलाव होऊन काही खाणी पुन्हा चालू झाल्या. नदीच्या वरच्या अंगाला जे होते ते खालच्या अंगाला उतरतेच. आपण उतारावर आडवी नांगरट न करता उभी नांगरट केली, तर आपली माती कोणाच्या तरी खाचरात गाळ होऊन बसते.

भांडण कशाचे आहे?

कळसा व भांडुरा हे नाले म्हादईला मिळण्यापूर्वी वळवून त्यांचे पाणी मलप्रभेत सोडावे, अशी कर्नाटकाची योजना आहे. हुबळी-धारवाड व आसपासच्या भागाला पिण्याचे पाणी कमी पडते, मलप्रभेचे धरण पुष्कळ वर्षी पुरते भरत नाही. नरगुंद-नवलगुंदच्या शेतकऱ्यांनी २०१५ पासून यासाठी दीर्घ आंदोलन केले. सहाशे मि.मी. पावसावर शेती करणाऱ्याची तहान खोटी म्हणता येणार नाही.

गोव्याचे म्हणणे असे की, उगमाजवळचे पाणी वळवले तर उन्हाळ्यातला प्रवाह आणखी घटेल, खारे पाणी अधिक आत शिरेल, रान, खाजन आणि पिण्याचे पाणी यांना धोका होईल. खारट ओंजळ आपण पाहिलीच आहे. तेव्हा ही भीतीही खोटी म्हणता येणार नाही.

२०१० साली केंद्र सरकारने लवाद नेमला. त्याने १४ ऑगस्ट २०१८ रोजी निवाडा दिला. त्यात कर्नाटकाला १३.४२, गोव्याला २४ आणि महाराष्ट्राला १.३३ टीएमसी पाणी ठरले. एक टीएमसी म्हणजे सुमारे २,८३१ कोटी लिटर. कर्नाटकाच्या वाट्यात ८.०२ टीएमसी वीजनिर्मितीसाठी असून मलप्रभेत वळवण्यासाठी कळशातून १.७२ आणि भांडुऱ्यातून २.१८, मिळून ३.९० टीएमसी आहे. २०२० साली निवाडा राजपत्रात प्रसिद्ध झाला. तिन्ही राज्यांनी सर्वोच्च न्यायालयाचे दार ठोठावले.

कोणाचे बरोबर, हे येथे ठरवण्याचा आम्हाला अधिकार नाही. आपल्या धर्मग्रामात कोणाची मुलगी धारवाडला दिली आहे, कोणाची वाळपईला. रविवारी दोन्ही घरचे एकाच बाकावर बसतात. एकमेकांना चोर म्हणण्याआधी दोघांनी एकमेकांच्या गावची विहीर एप्रिलमध्ये जाऊन पाहावी, एवढेच आम्ही म्हणतो. आणि तिसरी एक गोष्ट. दोन्ही नद्या ज्या तालुक्यात जन्मतात, तेथल्या बायका एप्रिलमध्ये डोक्यावर घागर घेऊन मैलभर चालतात. ५,००० मि.मी. पाऊस अंगावर घेऊन आपण तहानलेले राहतो, यात दोष कोणत्याही राज्याचा नसून बराचसा आपला आहे.

आपल्या हातचे काम

एक मि.मी. पाऊस एक चौरस मीटर जागेवर पडला म्हणजे एक लिटर पाणी होते. आपल्या घराचे छप्पर ५० चौरस मीटरचे धरा. दीड हजार मि.मी. पावसात त्यावर ७५,००० लिटर पाणी पडते. पाच माणसांच्या घराला पिण्याला व स्वयंपाकाला दिवसाला ५० लिटर लागते, असे धरले तर उन्हाळ्याच्या चार महिन्यांना ६,००० लिटर पुरते. म्हणजे छपरावरच्या पाण्याचा बारावा हिस्सासुद्धा लागत नाही! पन्हळ, जाळी आणि झाकणाची टाकी एवढेच हवे. पहिले दोन-तीन पाऊस छप्पर धुण्यासाठी सोडून द्यावे. उरलेले पाणी विहिरीजवळच्या शोषखड्ड्यात घालावे.

नाल्यांना अजून धार आहे. सिमेंटच्या रिकाम्या पोत्यांत माती भरून या महिन्यात बंधारा घातला तर मार्चपर्यंत आजूबाजूच्या विहिरींना पाणी टिकते. उतारावर समपातळीत चर खणावेत. काजूखालचा व रानातला पाला जाळू नये. झऱ्याच्या वरच्या अंगाची झाडे तोडू नयेत, आणि झऱ्याशेजारी कूपनलिका मारण्याचा मोह आवरावा. ऊस लावण्यापूर्वी एप्रिलमध्ये आपल्या विहिरीत किती हात पाणी असते ते मोजून मगच निर्णय घ्यावा.

येत्या शनिवारी चर्चमागच्या नाल्यावर बंधारा घालण्याचे ठरवले आहे. प्रत्येक घरातून एक माणूस, एक फावडे आणि पाच रिकामी पोती यावीत. त्या शाळकरी मुलाने दहा पोती जमवली आहेत, असे कळते.

म्हादईचा शेवट कुठे होतो हे सांगायचे राहिले. दक्षिणेला काब आणि उत्तरेला आग्वादचा किल्ला, यांच्यामधून ती समुद्रात जाते. आग्वाद या पोर्तुगीज नावाचा अर्थ पाणी भरून घेण्याची जागा. लांबच्या सफरीवर निघालेली गलबते तेथल्या गोड्या झऱ्यावर पिपे भरून घेत. समोर अथांग सागर असताना त्या खलाशांनी किल्ल्याला नाव दिले ते झऱ्याचे. आपल्याकडे असे झरे अजून जिवंत आहेत. ते जिवंत असतानाच त्यांची काळजी घेऊ या.